बाळंतिणीचा चेहरा

(थ्रेड. विषय : बाळंतपणाचे चित्रण आणि आईची संमती. बराच लांबला आहे, सवडीने वाचावा.)

गेल्या वर्षी माझ्या ताईचे बाळंतपण सांगलीतील एका खासगी रुग्णालयात झाले. पहाटे बाळ जन्मले आणि पंधरा मिनिटांच्या आत त्याचा चौदा सेकंदांचा व्हिडिओ आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर येऊन पडला. बाहेर बाकावर ताटकळलेल्या माणसांना बाळ लवकर दिसावे, म्हणून आतल्या कोणीतरी कौतुकानेच तो काढला होता. ग्रुपमध्ये साठाहून अधिक नातेवाईक. अभिनंदनांचा पाऊस पडला. मीही तो आणखी दोन ग्रुपवर पाठवला. तिसऱ्या दिवशी ताईने फोन हाती घेतला, तेव्हा तो तिने प्रथम पाहिला. बाळाच्या मागे, टेबलावर, ती होती. केस कपाळाला चिकटलेले, डोळे अर्धवट मिटलेले, अंगावरची चादर सरकलेली. आम्हा साठ जणांपैकी एकालाही ती दिसली नव्हती.

"मला विचारलं होतं का रे कुणी?" एवढेच ती म्हणाली.

त्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हते. इतिहासाच्या विद्यार्थ्याची एक खोड असते. उत्तर सुचले नाही की तो मागे जातो. मी बराच मागे गेलो. इतका, की पहिला मुक्काम सातवाहन काळात पडला.

धाराशिव जिल्ह्यातील तेर म्हणजे प्राचीन तगर, रोमपर्यंत व्यापार करणारे नगर. तेथील लामतुरे संग्रहालयात ज्या लहानलहान मृण्मूर्ती आहेत, त्यांत लज्जागौरीही आहे. उताणी देवता, गुडघ्यांत दुमडून दोन्ही बाजूंना फाकलेले पाय, वर वळलेले तळवे. अशा मूर्ती दख्खनभर सापडतात. बदामीच्या परिसरातील नागनाथकोळ्ळची सातव्या शतकातील पाषाणमूर्ती त्यांत सर्वांत देखणी. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात विश्वाच्या उत्पत्तीच्या संदर्भात 'उत्तानपाद' हा शब्द येतो, आणि अभ्यासकांनी या मूर्तीचे नाते त्याच्याशी जोडले आहे. ही प्रसूतीचीच मुद्रा आहे काय, याविषयी मतभेद आहेत. मूर्तीत बाळ दिसत नाही, म्हणून काहींना ती निव्वळ सुफलतेची देवता वाटते. 'लज्जागौरी' हे नाव मात्र नंतरच्यांच्या संकोचातून आलेले असावे, असे मला वाटते; मूर्ती स्वतः लाजलेली मुळीच नाही.

आता तिच्याकडे पुन्हा पाहा. बहुतेक मूर्तींना मस्तक नाही. ते तुटलेले नाही. घडवतानाच त्या जागी कमळ कोरलेले आहे.

डॉ. रा. चिं. ढेरे यांनी 'लज्जागौरी' या १९७८ च्या ग्रंथात या मस्तकहीन मातेचा माग काढत तिला रेणुका-यल्लम्मेच्या परंपरेशी जोडले. रेणुकेची कथा आपल्याला ठाऊक असतेच. पित्याच्या आज्ञेवरून परशुरामाने आईचा शिरच्छेद केला. माहूरला रेणुकेचे केवळ मुख पूजिले जाते. इकडे केवळ धड, तिकडे केवळ मुख. ज्या सांगली जिल्ह्यात जतच्या यल्लम्मेची यात्रा भरते आणि जेथून माणसे सौंदत्तीच्या डोंगरावर जातात, त्या मुलखात वाढलेल्या मला ही विभागणी इतकी परिचित होती, की ती विचित्र आहे हे कधी जाणवलेच नव्हते. जन्म देणारे शरीर एका देवळात, बोलणारे तोंड दुसऱ्या देवळात.

देवळाबाहेर, प्रत्यक्ष घरात, बाळंतपण कोणाच्या दृष्टीस पडू नये अशीच व्यवस्था होती. घरातील सर्वांत अंधारी खोली, बाज, बाजेखाली शेगडी, बाळंतशेपांची धुरी, सुईण आणि एकदोन अनुभवी बायका. पुरुषाला दाराशी उभे राहण्याचीही मुभा नाही. पाचव्या किंवा सहाव्या रात्री सटवाई येऊन बाळाच्या कपाळावर त्याचे प्राक्तन लिहिते, म्हणून पाटावर कोरा कागद आणि लेखणी ठेवायची. त्या खोलीतून बाहेर येणारी नोंद एवढीच, आणि तीही अदृश्य. (साताऱ्याकडे त्या कोऱ्या कागदावर माणसांनी काय लिहिले, तेही सांगितले पाहिजे. मुलगाच हवा असताना झालेल्या मुलीचे नाव 'नकुशी' ठेवत. ऑक्टोबर २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात एका समारंभात २८५ नकुशींना नवी नावे देण्यात आली.)

या अंधाऱ्या खोलीला आजकाल काही जण 'आपल्या पूर्वजांनी जपलेला स्त्रीचा खासगीपणा' असे म्हणतात. मला ते पटत नाही. बाळंतिणीला तेथे ठेवले जाई ते विटाळ म्हणून. दहा दिवस तिला शिवायचे नाही. नाळ कापणारी सुईण बहुधा अशा जातीतील, जिला एरवी उंबऱ्याच्या आत घेतले जात नसे. त्या खोलीत हवा नव्हती, स्वच्छता नव्हती आणि कित्येक जणी तेथून बाहेरच आल्या नाहीत. आनंदीबाई जोशी चौदाव्या वर्षी बाळंत झाल्या. मूल दहा दिवस जगले. पुढे १८८६ मध्ये फिलाडेल्फियाला वैद्यकाची पदवी घेताना त्यांनी प्रबंधाचा विषय निवडला, तो आर्य हिंदूंमधील प्रसूतिशास्त्र. स्वतःच्या बाळंतपणाच्या खोलीत ज्ञानाचा दिवा घेऊन परत शिरणारी ती पहिली मराठी स्त्री. न दिसण्याची किंमत काय असते, हे तिच्याइतके कोणाला कळले असेल?

तेव्हा त्या खोलीत उजेड येणे आवश्यकच होते. आपल्या भागात तो आला मिरजेतून. कॅनडात जन्मलेले विल्यम वॉनलेस आधी सांगलीत दवाखाना चालवत. १८९४ मध्ये मिरजेत त्यांचे मिशन रुग्णालय उभे राहिले आणि पुढे वैद्यकीय शिक्षणही तेथे सुरू झाले. त्याआधी, १८८५ मध्ये, स्त्रियांना स्त्री-डॉक्टरांकडून उपचार मिळावेत म्हणून डफरिन फंड स्थापन झाला होता, आणि १९०३ पासून व्हिक्टोरिया स्मारक निधीतून सुइणींना प्रशिक्षण देण्याचे प्रयत्न झाले. या सर्वांनी प्राण वाचवले, यात शंका नाही.

परंतु उजेडाबरोबर एक नवी दृष्टीही आली, आणि ती मिरजेत जन्मलेली नव्हती. आधुनिक प्रसूतिशास्त्राचा एक मानबिंदू म्हणजे विल्यम हंटर यांचा १७७४ चा गर्भाशयाच्या शरीररचनेवरील चित्रसंग्रह. यान व्हान रिम्सडाइक या चित्रकाराने त्यातील बहुतेक चित्रे काढली. चौतीस भव्य चित्रपट; बाळाचा एकेक केस दिसावा इतके अचूक. आणि आई? तिचे धड मांड्यांपाशी कापलेले, वर छाती-मान काहीच नाही. ज्या स्त्रिया गरोदरपणात मरण पावल्या, त्यांच्या देहांवरून ही चित्रे काढली गेली. त्यांची नावे त्या ग्रंथात नाहीत.

मी हा चित्रसंग्रह लॅपटॉपवर पाहत होतो, तेव्हा शेजारच्या खिडकीत लज्जागौरीचे छायाचित्र उघडे होते. शेकडो वर्षांचे आणि दोन संस्कृतींचे अंतर. तरी काहीतरी सारखे होते. फरक एवढाच, की आमच्या कारागिराने मस्तकाच्या जागी निदान कमळ ठेवले.

बाळंतपणाची खाटसुद्धा या दृष्टीने बदलली. दोरीला धरून, उकिडवे बसून, कोणाच्या तरी खांद्याचा आधार घेऊन बाळंत होण्याच्या रीती जगभर होत्या. सतराव्या शतकातील फ्रेंच वैद्य मोरिसो यांच्यापासून पाठीवर निजवण्याची पद्धत रूढ होत गेली. पाहणाऱ्याला नीट दिसते, हा तिचा मोठा गुण. कॅमेरा येण्याआधीच कॅमेऱ्याची जागा ठरली होती.

कॅमेरा आपल्याकडे आला तेव्हा मराठी घराने त्याच्याशी एक मजेदार तडजोड केली. आजीच्या ट्रंकेतले जुने फोटो काढून पाहा. डोहाळजेवणाचा फोटो हमखास सापडेल : फुलांची वाडी भरलेली, हातात धनुष्यबाण, मागे पुठ्ठ्याचा चंद्र किंवा होडी. नंतर एकदम बारशाचा फोटो. मधले सर्व गायब. गरोदर स्त्री सजलेली असेल तर दाखवावी, आई मांडीवर बाळ घेऊन बसलेली असेल तर दाखवावी, आणि या दोहोंच्या मध्ये जे घडते, ते फोटोच्या जगात घडतच नाही.

हिंदी आणि मराठी चित्रपटांनी हीच तडजोड पडद्यावर नेली. बंद दार, गरम पाण्याचे भांडे घेऊन लगबगीने आत जाणारी म्हातारी, बाहेर येरझारा घालणारा नवरा, एक किंकाळी आणि मग ट्यँहा! कॅमेरा नेहमी नवऱ्याच्या बाजूला. २००९ च्या 'थ्री इडियट्स'मध्ये दार उघडले खरे. टेबल-टेनिसच्या टेबलावर बाळंतपण, संगणकाच्या कॅमेऱ्यातून सूचना देणारी डॉक्टर बहीण, व्हॅक्यूम क्लीनरची करामत. आपण सगळे त्या दृश्यात रडलो आहोत. पण ते दृश्य कोणाचे आहे? रँचोचे, त्याच्या मित्रांचे आणि अखेर कठोर प्राचार्य-आजोबांचे. बाळंत होणाऱ्या मोनाचे त्यात फारच थोडे आहे.

बाहेरच्या जगातही सुरुवात काही आदर्श नव्हती. १९४५ मध्ये अमेरिकेत 'मॉम अँड डॅड' नावाचा चित्रपट आला. आरोग्यशिक्षणाच्या नावाखाली त्यात खऱ्या प्रसूतीची दृश्ये दाखवली जात. पुरुषांचे खेळ वेगळे, स्त्रियांचे वेगळे; गर्दी प्रचंड. ज्ञान आणि तमाशा एकाच तिकिटात.

या पार्श्वभूमीवर १९५९ चा एक मूकपट मला फार महत्त्वाचा वाटतो. स्टॅन ब्रॅकेज या प्रयोगशील दिग्दर्शकाने पत्नी जेन हिच्या पहिल्या बाळंतपणाचे चित्रण केले : 'विंडो वॉटर बेबी मूव्हिंग', जेमतेम बारा-तेरा मिनिटांचा. रुग्णालयात चित्रणाला परवानगी मिळाली नाही, म्हणून डॉक्टर आणि परिचारिका घरी आल्या. फिल्म धुणाऱ्या कंपनीला ती अश्लील वाटली आणि ती परत मिळवण्यासाठी बरीच खटपट करावी लागली. चित्रपट पाहायला सोपा नाही. काहीही लपवलेले नाही. पण त्यात बाळ येण्यापूर्वी बराच वेळ खिडकीतून येणाऱ्या प्रकाशात, न्हाणीच्या पाण्यात, जेन दिसते. तिचे हसणे, तिचे पोट, तिचा हात. आणि बाळ जन्मल्यानंतर पडद्यावर अचानक स्टॅनचा आनंदाने वेडावलेला चेहरा येतो. तो कोणी टिपला? जेनने. तिने कॅमेरा स्वतःच्या हातात घेतला होता.

ही गोष्ट लक्षात ठेवा. आपण सातारला परतल्यावर ती पुन्हा लागणार आहे.

त्याआधी मुंबईत एक थांबा. २७ सप्टेंबर २०१२ रोजी अभिनेत्री श्वेता मेनन मुंबईतील एका रुग्णालयात बाळंत झाली, आणि त्या वेळी दिग्दर्शक ब्लेसी यांच्या 'कळिमण्णु' या मल्याळम चित्रपटासाठी तिच्या प्रसूतीचे चित्रण झाले. तिची संमती होती, पतीची साथ होती. चित्रपट एका आईचीच कथा सांगणारा होता. २०१३ मध्ये तो प्रदर्शित होण्यापूर्वीच केरळात वादळ उठले. राजकीय पुढाऱ्यांपासून चित्रपटगृहांच्या मालकांपर्यंत अनेकांना वाटले, की मातृत्वाचा बाजार मांडला जात आहे.

आक्षेप घेण्याचा हक्क कोणालाही आहे, आणि कलेच्या नावाखाली व्यवसाय होतो हेही खरे. बाळाला कोणी विचारले, हा प्रश्न तर मलाही अडवतो. पण या वादात एक विचित्र गोष्ट आहे. जिच्या मर्यादेची सर्वांना चिंता, ती स्त्री सज्ञान होती, तिने विचार करून होकार दिला होता आणि ती तसे उघडपणे सांगत होती. चेहरा होता, नाव होते, संमती होती; आणि तेथेच गदारोळ झाला. ज्या हजारो चित्रांत यांपैकी काहीच नव्हते, त्यांच्याविषयी असा गदारोळ झाल्याचे मला आढळले नाही.

अशा चित्रांतील सर्वांत व्यापक प्रकार म्हणजे सोनोग्राफी. तिला आपण चित्रण मानत नाही. पण तीही गर्भाची चलच्चित्रेच आहेत. एप्रिल १९६५ मध्ये 'लाइफ' मासिकाच्या मुखपृष्ठावर लेनार्ट निल्सन यांचे गर्भाचे छायाचित्र आले, तेव्हा जग थक्क झाले. १९८७ मध्ये अभ्यासक रोझालिंड पेचेस्की यांनी एक साधी गोष्ट दाखवून दिली. अशा चित्रांत गर्भ अंतराळवीरासारखा एकटाच तरंगताना दिसतो आणि ज्या शरीरात तो आहे, ते शरीर चौकटीतून नाहीसे होते.

अमेरिकेत त्याचा अर्थ एक झाला, कृष्णाकाठी दुसरा. येथे त्या पडद्याकडे पाहणाऱ्यांना फक्त एकच गोष्ट पाहायची होती. २००१ च्या जनगणनेत शून्य ते सहा वयोगटात दर हजार मुलग्यांमागे मुली किती होत्या, ते पाहा : महाराष्ट्र ९१३, सातारा ८७८, सांगली ८५१, कोल्हापूर ८३९. ऊस, साखर कारखाने, दूध संघ, शिक्षणसंस्था, सहकाराची सारी समृद्धी ज्या पट्ट्यात, तेथेच हे आकडे. गर्भलिंगनिदानाला बंदी करणारा कायदा १९९४ मध्येच झाला होता आणि १९९६ पासून अमलात होता. पण बंद दारामागे डॉक्टरने हसून 'पेढे' म्हटले की 'जिलेबी', याचा पुरावा कोठून आणणार?

सातारच्या ॲड. वर्षा देशपांडे आणि त्यांच्या दलित महिला विकास मंडळाने (स्थापना १९९०) 'लेक लाडकी अभियाना'तून जे उत्तर शोधले, ते आपल्या विषयाच्या इतिहासात ठळक अक्षरांत लिहावे असे आहे. सोनोग्राफी केंद्रात जायचे तर गरोदर स्त्रीच हवी. तेथे नाटक चालत नाही. गरोदर स्त्रियाच स्वेच्छेने पुढे आल्या. लपवलेले ध्वनिमुद्रक, कधी छुपा कॅमेरा घेऊन त्या तपासणीच्या खोलीत गेल्या, पडद्याकडे पाहणाऱ्याचे बोलणे टिपून बाहेर आल्या आणि न्यायालयात साक्षीला उभ्या राहिल्या. सातारा, सांगली आणि पुढे राज्यभर अशा कारवाया झाल्या. २०२५ मध्ये वर्षाताईंना संयुक्त राष्ट्रांचा लोकसंख्या पुरस्कार मिळाला, तो या कामासाठी.

जेन ब्रॅकेजची आठवण ठेवा म्हटले होते, ते याकरिता. शतकानुशतके जिच्या शरीराकडे पाहिले गेले, तिने उलटून पाहिले. तपासणीच्या टेबलावर पडलेली स्त्री त्या क्षणी खोलीतील एकमेव साक्षीदार होती. आणि हे सोपे नव्हते. सहाव्या-सातव्या महिन्यात, पोटातल्या बाळासह, खोटे बोलत, समोरचा माणूस संशय घेईल या भीतीसह टेबलावर निजायचे. पोलिसांच्या कागदांत अशा स्त्रीला 'बनावट ग्राहक' म्हणतात. तिच्यात बनावट काय होते, हे मला समजलेले नाही.

शासनानेही कॅमेरा आणला, पण वेगळा. कोल्हापूरचे तत्कालीन जिल्हाधिकारी लक्ष्मीकांत देशमुख (होय, पुढे बडोद्याच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झालेले कथाकार देशमुखच) यांच्या पुढाकाराने सोनोग्राफी यंत्रांना 'सायलेंट ऑब्झर्व्हर' हे उपकरण बसवण्यात आले. प्रत्येक तपासणीची चित्रे त्यात साठवली जात, म्हणजे पुढे शंका आल्यास पडताळता यावीत. क्ष-किरणतज्ज्ञांच्या संघटनेने याला मुंबई उच्च न्यायालयात आव्हान दिले. त्यांचा एक मुद्दा रुग्णाच्या खासगीपणाचा होता. २०११ मध्ये न्यायालयाने याचिका फेटाळली आणि उपकरणाचा वापर वैध ठरवला. निकाल मला योग्य वाटतो. परंतु त्या खटल्यात एका बाजूला डॉक्टर होते, दुसऱ्या बाजूला शासन, आणि दोघेही गरोदर स्त्रीच्या खासगीपणाविषयी बोलत होते. ती स्वतः पक्षकार नव्हती.

मार्च २०१७ मध्ये मिरज तालुक्यातील म्हैसाळ येथे, एका तरुण स्त्रीचा गर्भपातात मृत्यू झाल्यानंतर, ओढ्याकाठी पुरलेले एकोणीस गर्भ पोलिसांना सापडले. म्हैसाळचे नाव तेव्हा देशभर गेले. त्याविषयी मी येथे अधिक लिहिणार नाही.

आता कायद्याकडे. तो वाचून मी काही वेळ नुसता बसून राहिलो.

डॉक्टरांच्या व्यावसायिक आचरणाचे २००२ चे नियम आजही लागू आहेत. २०२३ मध्ये नवे आले, पण लगेच स्थगित झाले. त्यातील ७.१७ हा नियम सांगतो, की रुग्णाची ओळख पटेल अशा रीतीने त्याचे छायाचित्र वा वृत्तान्त त्याच्या परवानगीवाचून नियतकालिकात प्रसिद्ध करू नये. येथवर ठीक. पुढचे वाक्य असे, की ओळख उघड होणार नसेल तर संमतीची आवश्यकता नाही.

म्हणजे चेहरा कापला की विचारायला नको. तेरचा कुंभार, लंडनचा हंटर आणि दिल्लीचा नियम, तिघे एका ओळीत येऊन उभे राहिले.

दुसऱ्या टोकाला माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६ई आहे. एखाद्याच्या खासगी अवयवांचे चित्र संमतीशिवाय टिपणे, प्रसिद्ध करणे किंवा पाठवणे हा गुन्हा. तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. आता ताईचा व्हिडिओ घ्या. चादर सरकली होती, पण या कलमात मोजावे असे काही दिसत नव्हते. दिसत होता तो तिचा थकलेला चेहरा, आणि चेहऱ्याचे रक्षण करणारा नियम नियतकालिकांविषयी बोलतो, व्हॉट्सॲपविषयी नाही. एक नियम चेहऱ्यापुरता, दुसरा अवयवांपुरता. दोन्ही जोडले तरी अख्खी बाई तयार होत नाही.

शासकीय प्रसूतिकक्षांसाठी डिसेंबर २०१७ मध्ये 'लक्ष्य' हा कार्यक्रम सुरू झाला. दोन टेबलांमध्ये पडदा असावा, बाळंतिणीला सोबतीला आपले माणूस ठेवता यावे, तिच्याशी आदराने वागावे, या गोष्टी त्यात मापदंड म्हणून आल्या. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयाने खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला होता. पडद्याच्या कापडासारखी साधी गोष्ट मापदंडात लिहावी लागली, यावरून आधी काय होते ते समजते. पण कापडाच्या पडद्याने मोबाइल अडत नाही.

फेब्रुवारी २०२५ मध्ये राजकोट येथील एका प्रसूतिरुग्णालयातील सीसीटीव्हीची चित्रे चोरीला गेल्याचे उघड झाले. तपासणीसाठी आलेल्या स्त्रियांची ती दृश्ये समाजमाध्यमांवरून विकली जात होती. गुजरात पोलिसांनी ज्यांना पकडले, त्यांत लातूरचा आणि सांगलीचा तरुण होता. बातमी वाचली तेव्हा मी सांगलीतच होतो, ताईच्या घरी.

मग चित्रण करूच नये काय? हा प्रश्न मी एका ओळखीच्या, ग्रामीण रुग्णालयात तीस वर्षे काम केलेल्या परिचारिकाबाईंना विचारला. त्या म्हणाल्या, "बाळंतपण कसं असतं ते पोरींना दाखवायलाच पाहिजे. न बघितल्यामुळंच निम्म्या भितीनं अर्धमेल्या होऊन येतात. पण कळा सुरू झाल्यावर सही मागायची नाही. त्या वेळेला बाई कशालाही हो म्हणते." माझ्या मते संमतीवरचे हे सर्वांत नेमके भाष्य. होकार आधी घ्यावा, शुद्धीत आणि सवडीने. ऐन वेळी तिने हात वर केला तर कॅमेरा बंद व्हावा. आणि चित्रण प्रथम तिने पाहावे. ती बरी झाल्यावर, कोणी शेजारी नसताना. ठेवायचे की पुसायचे, हे तिने नंतर सांगावे. त्या बाईंनी एक गोष्ट आणखी सांगितली. कॅमेरा डोक्याच्या बाजूला, आईच्या खांद्यापाशी ठेवला तर तिला जे दिसते तेच त्यात येते. टेबलाच्या दुसऱ्या टोकाला उभा असतो तो तपासणाऱ्याचा डोळा.

मोरिसोंच्या काळापासून ठरलेली जागा बदलायला एवढे पुरते : चार पावले आणि थोडा विचार.

ताईच्या व्हिडिओचे पुढे काय झाले, ते सांगून थांबतो. मी ज्या दोन ग्रुपवर तो पाठवला होता, तेथे जाऊन क्षमा मागितली आणि तो काढून टाकायला सांगितले. बहुतेकांनी काढला. एका काकांनी "त्यात काय एवढं?" असे विचारले. घरच्या ग्रुपवर ताईने स्वतःच लिहिले. मूळ व्हिडिओ तिने मागून घेतला. त्यात बाळाचा पहिला आवाज होता. तिने चित्र काढून टाकले आणि चौदा सेकंदांचा आवाज तेवढा ठेवला.

हा थ्रेड टाकण्यापूर्वी तिला संपूर्ण वाचून दाखवला. तिने दोन वाक्ये काढायला लावली. ती काढली आहेत.